लोकलाजेचा नट : लिओपोल्दो त्रिएस्तेची पन्नास वर्षं

‘सिनेमा पॅराडिसो’मध्ये पडद्यावर चुंबन आलं की घंटा वाजवणारा पाद्री आणि ‘द गॉडफादर पार्ट टू’मध्ये तरुण व्हितो कोर्लिओनेपुढे बोबडी वळलेला घरमालक, ही दोन्ही कामं एकाच नटाची आहेत. दोन्ही चित्रपट पुन्हा पुन्हा पाहिलेल्यांच्याही हे सहसा ध्यानात येत नाही. लिओपोल्दो त्रिएस्ते हे त्याचं नाव. १९१७ साली दक्षिण इटलीतल्या रेज्जो कालाब्रिया इथे तो जन्मला आणि २००३च्या जानेवारीत रोममध्ये वारला. फेलिनीच्या पहिल्या स्वतंत्र चित्रपटापासून तोर्नातोरेच्या चित्रपटांपर्यंत, पन्नास वर्षं तो इटालियन पडद्यावर येत-जात राहिला.

अशा चरित्र अभिनेत्याची कारकीर्द मोजायची कशी, हा या लेखाचा प्रश्न आहे. रूढ मापं तीन : चित्रपटांची यादी किती लांब, पुरस्कार किती, आणि दिग्दर्शक किती मोठे. तिन्ही मापांनी त्रिएस्तेचं पारडं जड भरतं. पण त्याने नेमकं काय केलं, हे त्यातल्या एकाही मापाने कळत नाही. यादीत उत्तम चित्रपटाशेजारी टुकार चित्रपट बसलेला असतो. पुरस्कार बहुतेक उतारवयात येतात. आणि मोठ्या दिग्दर्शकाकडे काम मिळालं म्हणजे ते काम मोठं होतंच असंही नाही. त्याच्या महत्त्वाच्या भूमिका ओळीने पाहिल्या की मात्र एक धागा हाती लागतो. ‘लोक काय म्हणतील’ या धास्तीखाली जगणारा माणूस हा त्रिएस्तेचा खरा विषय होता. कारकून, होतकरू नाटककार, चित्रकार, कफल्लक सरदार, घरमालक, पाद्री अशा वेगवेगळ्या कपड्यांत त्याने त्याच माणसाचा माग काढला.

चेहऱ्यांचा बाजार

त्रिएस्तेकडे वळण्याआधी तो ज्या व्यवसायात टिकला त्याची रीत पाहायला हवी. १९५५ साली इटलीत सिनेमाची सुमारे ८१ कोटी ९० लाख तिकिटं विकली गेली. साठच्या दशकात तिथे वर्षाला दोनशेहून जास्त चित्रपट तयार होत होते. फ्रान्सबरोबर सहनिर्मितीचे करार झालेले होते आणि अमेरिकन कंपन्याही रोमच्या चिनेचित्ता स्टुडिओत येऊन चित्रीकरण करत होत्या. एवढ्या चित्रपटांना पोलीस, वकील, वेटर, पाद्री, सासरे आणि गुंड सतत लागायचे. दिग्दर्शकाला दोन मिनिटांत ओळख पटवणारा चेहरा हवा असायचा. नायक चार-दोन होते, पण अशा चेहऱ्यांची मोठी फौज रोममध्ये पोसली जात होती.

या फौजेत माणसं तीन वाटांनी आली. पहिली वाट रस्त्यावरून येणारी. तिबेरिओ मुर्जा हा सार्डिनियाचा माणूस रोमच्या एका खानावळीत भांडी घासत होता. मारिओ मोनिचेल्लीच्या ‘इ सोलिती इन्योती’मध्ये (१९५८) बायकांवर पाळत ठेवणारा संशयी सिसिलियन म्हणून तो उभा राहिला आणि पुढे आयुष्यभर सिसिलियनच राहिला. मारिओ ब्रेगा हा रोमचा खाटीक. सेर्जिओ लेओनेच्या वेस्टर्नमध्ये तो धिप्पाड खुनशी माणूस झाला, आणि ऐंशीच्या दशकात कार्लो व्हेर्दोनेच्या विनोदी चित्रपटांत त्याच देहाचा रोमन बाप म्हणून प्रेक्षकांचा लाडका झाला.

दुसरी वाट नायकपदावरून उतरणारी. गाब्रिएले फेर्झेत्ती हा अंतोनिओनीच्या ‘लाव्हेन्तुरा’चा (१९६०) नायक. नऊ वर्षांनी तो जेम्स बाँडचा सासरा झाला होता. तिसरी वाट रंगभूमीवरून, लिहित्या-वाचत्या मंडळींची. मेस्सीनाचा आदोल्फो चेली ब्राझीलमध्ये जाऊन तिथल्या रंगभूमीचा आणि सिनेमाचा दिग्दर्शक झाला. परतल्यावर ‘थंडरबॉल’चा (१९६५) एका डोळ्यावर पट्टी बांधलेला खलनायक लार्गो म्हणून जगभर ओळखला गेला. त्रिएस्ते या तिसऱ्या वाटेचा.

या धंद्याची आणखी एक रीत चरित्र अभिनेत्याच्या मुळावरच येणारी होती. इटलीत चित्रपटाचा आवाज बहुधा मागाहून डबिंग करून भरला जाई, आणि तो त्याच नटाचा असेलच याची खात्री नसे. ‘इ सोलिती इन्योती’तला बोलोन्याचा भुकेला म्हातारा कापानेल्ले हे काम नेपल्सच्या कार्लो पिसाकानेने केलं, पण पडद्यावर ऐकू आलेला आवाज दुसऱ्याचा होता. मुर्जाचंही तेच. इंग्रजी चित्रपटांत चेली आणि फेर्झेत्ती दोघांनाही परके आवाज चिकटवले गेले. नटाकडून त्याचं निम्मं साहित्य काढून घेतल्यावर उरतो तो चेहरा, चाल आणि वेळेचं भान. इटालियन चरित्र अभिनेत्यांचे चेहरे एवढे बोलके का, याचं एक कारण या सक्तीत आहे. त्रिएस्तेचे बाहेर आलेले गोल डोळे आणि बोलण्याआधीच थरथरणारा ओठ याच शाळेत तयार झाले.

नाटककाराचा नट होतो

त्रिएस्तेला नट व्हायचं नव्हतं. दुसरं महायुद्ध संपलं तेव्हा तो रोममध्ये नाटककार म्हणून नाव कमावत होता. ‘ला फ्रोन्तिएरा’ (१९४५), ‘क्रोनाका’ (१९४६) आणि ‘एन. एन.’ (१९४७) ही त्याची तीन नाटकं लागोपाठ आली. युद्धाने उद्ध्वस्त झालेल्या पिढीला रंगमंचावर आणू पाहणाऱ्या तरुण लेखकांत तो धरला जात होता. लेखक म्हणूनच तो सिनेमातही शिरला. पिएत्रो जेर्मीच्या ‘जोव्हेन्तू पेर्दुता’ (१९४८) या चित्रपटाच्या लेखनात त्याचा हात होता. जेर्मीशी जुळलेला हा संबंध पुढे फार कामाला आला.

मग फेदेरिको फेलिनीने ‘द व्हाइट शेख’ (१९५२) या आपल्या पहिल्या स्वतंत्र चित्रपटात त्याला प्रमुख भूमिका दिली. त्याने साकारलेला इव्हान काव्हाल्ली नवपरिणीत बायकोला घेऊन गावाकडून रोमला येतो. दिवसाचा कार्यक्रम त्याने मिनिटामिनिटाने आखलेला असतो : रोममधल्या मातब्बर काकांची भेट, सगळ्यांचं जेवण, आणि पोपचं दर्शन. इकडे बायको वांदा सचित्र प्रेमकथांच्या मासिकातल्या ‘गोऱ्या शेखा’च्या प्रेमात पडलेली असते. संधी साधून ती त्याला भेटायला निघून जाते आणि थेट चित्रीकरणाच्या जागी पोचते. शेख म्हणजे अल्बेर्तो सोर्दी.

चित्रपटाची अर्धी गंमत सोर्दीच्या पोकळ रुबाबात आहे आणि अर्धी इव्हानच्या लपवाछपवीत. बायको हरवल्याचं दुःख त्याला आहेच, पण काकांना ते कळेल ही भीती त्याहून मोठी आहे. ती आजारी आहे, खोलीवर झोपली आहे, अशा थापा मारताना त्रिएस्तेच्या चेहऱ्यावर हसू आणि घाम एकदमच असतात. रस्त्यात धावत्या बेर्साल्येरी सैनिकांचा बँड येतो आणि हा माणूस त्या लोंढ्यात सापडतो. पोलीस ठाण्यात तक्रार द्यायला जातो, तर तिथे अधिकाऱ्याला तोच वेडा वाटू लागतो. रात्री एका चौकात तो हमसून रडतो, तेव्हा त्याची विचारपूस करायला दोन वेश्या थांबतात. त्यांतली एक काबिरिया, म्हणजे ज्युलिएत्ता मासिना. याच छोट्या पात्रावरून फेलिनीने पाच वर्षांनी अख्खा चित्रपट काढला. शेवटी नवरा-बायको एकत्र येतात, दोघंही आपापल्या दिवसाबद्दल जरुरीपुरतंच बोलतात, आणि सारं कुटुंब सेंट पीटर्सच्या दिशेने चालू लागतं. अब्रू वाचलेली असते. त्या अब्रूखाली काय दडपलंय, हे प्रेक्षकाला ठाऊक असतं.

‘द व्हाइट शेख’ तिकीटबारीवर पडला. पण फेलिनीने त्रिएस्तेला सोडलं नाही. ‘इ वितेल्लोनी’मध्ये (१९५३) समुद्रकाठच्या एका गावातले पाच रिकामटेकडे मित्र आहेत. त्यांतला एक रात्र-रात्र जागून नाटकं लिहितो. पात्राचं नावही लिओपोल्दोच. खऱ्या नाटककाराने अपयशी नाटककार रंगवायचा होता. गावात आलेल्या एका नामांकित म्हाताऱ्या नटाला तो आपलं नाटक वाचून दाखवतो. नट कौतुक करत त्याला वाऱ्यात, अंधारात, समुद्राकडे नेऊ लागतो. त्याला नाटकात नव्हे तर आपल्यात रस आहे, हे लिओपोल्दोला उमगतं आणि तो धूम ठोकतो. या प्रसंगात त्रिएस्ते लेखकाच्या अहंकाराची आधी यथेच्छ टिंगल करतो, आणि मग त्या टिंगलीतूनच त्याची कीव यायला लागते. व्हेनिसला या चित्रपटाला रौप्य सिंह मिळाला. लेखक त्रिएस्ते मात्र इथून हळूहळू मागे पडत गेला. त्याने ‘चित्ता दी नोत्ते’ (१९५८) आणि ‘इल पेक्कातो देल्यी आन्नी व्हेर्दी’ (१९६०) हे दोन चित्रपट दिग्दर्शित केले, पण दिग्दर्शक म्हणून त्याची वाट पुढे सरकली नाही.

जेर्मीची सिसिली

फेलिनीने त्रिएस्तेमधला भित्रा माणूस शोधला. ही भीती एकट्याची नसून अख्ख्या समाजाची आहे, कायद्याचीही आहे, हे दाखवलं जेर्मीने. म्हणूनच त्याच्या कारकिर्दीचं शिखर कुठलं असं विचारलं तर मी फेलिनीच्या आधी जेर्मीच्या दोन चित्रपटांकडे बोट दाखवेन.

‘डिव्होर्स इटालियन स्टाइल’च्या (१९६१) काळात इटलीत घटस्फोटाला परवानगी नव्हती. उलट दंडसंहितेचं ५८७ वं कलम असं होतं की बायकोला, मुलीला किंवा बहिणीला व्यभिचारात पकडून संतापाच्या भरात, अब्रूपायी मारलं तर अगदी सौम्य शिक्षा व्हावी. मार्चेल्लो मास्त्रोयान्नीने रंगवलेला सरदार फेफे चेफालू या कलमाचा हिशेब मांडतो. नकोशा बायकोला मारायचं, तर आधी तिला व्यभिचारात ढकलायला हवं, आणि त्यासाठी प्रियकर हवा. तो प्रियकर म्हणजे त्रिएस्तेचा कार्मेलो पाताने. हा बायकोचा जुना प्रेमिक. भित्तिचित्रं दुरुस्त करायच्या निमित्ताने फेफे त्याला घरात आणून बसवतो. कार्मेलो बुजरा, भावुक आणि विवाहित. आपण दुसऱ्याच्या डावातली सोंगटी आहोत याचा त्याला पत्ताच नसतो. नवरा बाहेर कान लावून, घड्याळ बघत, यांचं प्रकरण कधी पुढे सरकतंय याची वाट पाहतोय आणि आत कार्मेलोचं धैर्य काही गोळा होत नाही, या विसंगतीवर मधला मोठा भाग पेललेला आहे. मास्त्रोयान्नीचा कावेबाजपणा एवढा झळकतो, कारण समोर त्रिएस्तेचा भाबडेपणा पक्का आहे. या चित्रपटाच्या पटकथेला ऑस्कर मिळालं. इटलीत घटस्फोटाचा कायदा आला १९७० मध्ये, आणि ते ५८७ वं कलम रद्द व्हायला १९८१ उजाडावं लागलं.

‘सिड्यूस्ड अँड अबँडन्ड’मध्ये (१९६४) जेर्मी याहून कडवट आहे. सिसिलीतला बाप व्हिन्चेन्झो आस्कालोने याची धाकटी मुलगी थोरलीच्या नियोजित नवऱ्यापासून गरोदर राहते. आता धाकटीचं लग्न त्याच्याशी लावायचं, तर थोरलीसाठी दुसरा नवरा शोधायला हवा. बापाला सापडतो बॅरन रिझिएरी झाप्पाला : घराण्याचं नाव मोठं, खिसा फाटका, तोंडात दात नाहीत आणि जगण्याचीही इच्छा उरलेली नाही. बाप त्याला खाऊ घालतो, दातांची कवळी बसवून देतो आणि बोहल्यावर चढण्याजोगा करतो. अब्रूच्या या बाजारात माणूसही डागडुजी करून विकायला काढता येतो, हे त्रिएस्तेने जवळजवळ काही न बोलता दाखवलं आहे. हरवलेल्या नजरेने घास गिळणारा हा बॅरन विनोदी आहे, पण हसताना घशात काहीतरी अडकतं.

या चित्रपटाने चरित्र अभिनेत्यांचाही मोठा सन्मान झाला. बापाची भूमिका करणारा सारो उर्झी हा कातानियाचा, अनेक वर्षं दुय्यम कामं करत आलेला नट. १९६४ मध्ये कान महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचं पारितोषिक त्याला विभागून मिळालं. त्रिएस्तेला सहायक अभिनेत्याचा ‘नास्त्रो द्’अर्जेन्तो’ हा पुरस्कार मिळाला. मुख्य आणि सहायक यांच्यातली भिंत जेर्मीच्या सिनेमात किती पातळ होती, त्याची ही पावती.

पोटापाण्याची वर्षं

यानंतरचा पंधरा-वीस वर्षांचा काळ भरगच्च आहे, पण त्याबद्दल सांगण्यासारखं थोडंच. इटलीत वेस्टर्न, गुन्हेपट, भयपट यांच्या लाटा येत होत्या आणि ओळखीचे चेहरे सगळीकडे वापरले जात होते. मारिओ बाव्हाच्या ‘अ बे ऑफ ब्लड’मध्ये (१९७१) त्रिएस्ते किडे गोळा करणारा विक्षिप्त गृहस्थ झाला. निकोलस रोगच्या ‘डोन्ट लुक नाऊ’मध्ये (१९७३) तो व्हेनिसच्या हॉटेलचा व्यवस्थापक आहे, हंगाम संपत आल्याने पाहुण्यांनी एकदाचं निघावं अशी त्याची अदबशीर घाई आहे. ‘कॅलिग्युला’तही (१९७९) तो आहे. परदेशी दिग्दर्शकाला ‘इटालियन माणूस’ हवा असे, आणि त्रिएस्ते तो पुरवत असे. बऱ्याच जागी त्याच्याकडून हात उडवणं आणि डोळे वटारणं यापलीकडे काही मागितलं गेलं नाही. नटाचं चलन जास्त फिरवलं की गुळगुळीत होतं, हा आक्षेप त्याच्या या काळाला लागू पडतो.

या काळातला ठळक अपवाद म्हणजे ‘द गॉडफादर पार्ट टू’ (१९७४). दिग्दर्शक कोपोलाला इटलीच्या चरित्र अभिनेत्यांची किंमत कळली होती. पहिल्या भागात त्याने सारो उर्झीला अपोलोनियाचा बाप केलं आणि कोर्रादो गायपाला डॉन तोम्मासिनो. दुसऱ्या भागात पांढऱ्या सुटातला डॉन फानुच्ची झाला गास्तोने मोस्किन. त्रिएस्तेच्या वाट्याला आला सिन्योर रोबेर्तो, न्यूयॉर्कच्या इटालियन वस्तीतला घरमालक. एका विधवेला कुत्र्यावरून घराबाहेर काढायला निघालेल्या या माणसाला रॉबर्ट डी निरोचा व्हितो रस्त्यात अदबीने अडवतो. पहिल्या प्रसंगात रोबेर्तो त्याला उडवून लावतो. तू कोण टिकोजी, असा सगळा आविर्भाव. मग तो व्हितोबद्दल चौकशी करतो. दुसऱ्या प्रसंगात तो टोपी हातात धरून दुकानात येतो, व्हितोकडून घेतलेले पैसे परत करतो, भाडं आधी पाच डॉलरने आणि मग दहा डॉलरने कमी करतो, आणि पळ काढताना दरवाजा उघडत नाही म्हणून धडपडतो. मधल्या वेळेत काय घडलं ते चित्रपट दाखवतच नाही. व्हितो किती मोठा झाला, हे आपल्याला त्रिएस्तेच्या घाबरण्यातून कळतं. नायकाची सत्ता दुसऱ्याच्या चेहऱ्यावर उमटते आणि ती उमटवणं हे चरित्र अभिनेत्याचं काम असतं, याचा यापेक्षा स्वच्छ पुरावा शोधूनही सापडणार नाही.

उतारवयातलं पीक

१९७६ मध्ये घटनात्मक न्यायालयाच्या निकालाने इटलीत खासगी स्थानिक दूरचित्रवाणीला वाट मोकळी झाली, आणि थिएटरं ओस पडू लागली. चित्रपट घटले, चेहऱ्यांचा बाजारही बसला. पण साठी ओलांडलेल्या त्रिएस्तेला याच काळात पुन्हा दमदार कामं मिळाली. मार्को बेलोक्कियोच्या ‘एन्रिको चौथा’मधल्या (१९८४) डॉक्टरच्या भूमिकेने त्याला पुन्हा ‘नास्त्रो द्’अर्जेन्तो’ मिळवून दिला. ‘द नेम ऑफ द रोझ’मध्ये (१९८६) तो फ्रान्सिस्कन पंथाचा प्रमुख मिकेले दा चेसेना झाला.

मग आला जुझेप्पे तोर्नातोरेचा ‘सिनेमा पॅराडिसो’ (१९८८). फादर आदेल्फिओ गावच्या थिएटरात एकटाच बसून आधी चित्रपट तपासतो. नायक-नायिका जवळ आले की घंटा वाजते, आणि वर प्रोजेक्टर चालवणारा अल्फ्रेदो रिळात कागदाची चिठ्ठी खोचतो. हा पाद्री क्रूर नाही. उलट त्याला सिनेमा आवडतो, आणि सगळी गंमत तिथेच आहे. आपल्या गावाने काय पाहू नये हे ठरवायचं तर ते आधी स्वतः पाहायला हवं. त्रिएस्ते ते डोळे विस्फारून पाहतो आणि मग घंटा हलवतो. इव्हान काव्हाल्लीला लोकांच्या नजरेची भीती होती. आता तोच माणूस लोकांच्या नजरेचा राखणदार झाला होता.

तोर्नातोरेच्याच ‘द स्टार मेकर’मध्ये (१९९५) एक भामटा सिसिलीच्या खेड्यांत फिरून लोकांकडून पैसे घेऊन त्यांच्या सिनेमासाठी चाचण्या घेतो. कॅमेऱ्यापुढे बसल्यावर माणसं आजवर न बोललेलं बोलून जातात. त्रिएस्ते इथे गावात मुका म्हणून ओळखला जाणारा म्हातारा आहे. या कामासाठी त्याला सहायक अभिनेत्याचा ‘दाव्हीद दी दोनातेल्लो’ मिळाला. तेव्हा तो ऐंशीच्या घरात होता. इटालियन सिनेमाच्या या मानाच्या पुरस्कारात सहायक अभिनयाचा स्वतंत्र गटच मुळी १९८१ साली सुरू झाला. त्याची जेर्मीकाळची कामं तेव्हा मागे पडली होती.

हिशेब

त्रिएस्तेवरचा मोठा आक्षेप हाच की त्याने एकच माणूस पुन्हा पुन्हा केला. आक्षेप खरा आहे, पण तो दोष ठरत नाही. नायक दर चित्रपटात नवा दिसला पाहिजे, अशी अपेक्षा असते. चरित्र अभिनेत्याचा गुण वेगळा आहे. तोच माणूस नव्या परिस्थितीत कसा वागेल, हे तो आयुष्यभर तपासत राहतो. या दृष्टीने पाहिलं तर मुर्जासारख्याचा संशयी सिसिलियन पहिल्या चित्रपटात जिथे होता तिथेच बहुतांशी थांबला. त्रिएस्तेचा लोकलाजेने पछाडलेला माणूस मात्र बदलत गेला. आधी तो त्या लाजेचा बळी होता, मग तिच्या बाजारातला माल झाला, पुढे भित्रा सत्ताधारी झाला, आणि शेवटी तिचा पहारेकरी. इटलीत १९५२ ते १९९५ या काळात अब्रूची कल्पना कशी सैल होत गेली, कायदे कसे बदलले, याचा आलेख या भूमिकांतून काढता येतो. असा आलेख मागे ठेवणारे नायक इटलीत फार नाहीत.

दुसरा प्रश्न अधिक अवघड आहे. नट झाल्यामुळे एक नाटककार गमावला का? तीन नाटकं आणि दोन चित्रपट एवढा ऐवज मागे आहे, आणि तो फारसा कुणी चाळत नाही. त्याच्या अभिनयात लेखकाची नजर होती असं म्हणणं सोपं आहे. ते सिद्ध करायचं तर ती नाटकं या भूमिकांशेजारी ठेवून वाचायला हवीत. त्याच्याविषयीचं लेखन अजून फेलिनीच्या आठवणींच्या तळटिपेतच अडकून पडलं आहे, आणि तिथून ते बाहेर काढण्याची वाट बहुधा हीच आहे.

तोवर ज्याला हा नट ओळखून घ्यायचा आहे, त्याने ‘द व्हाइट शेख’, ‘सिड्यूस्ड अँड अबँडन्ड’, ‘द गॉडफादर पार्ट टू’ आणि ‘सिनेमा पॅराडिसो’ हे चार चित्रपट याच क्रमाने पाहावेत, आणि प्रत्येक वेळी नायकावरची नजर काढून त्याच्यावर ठेवावी. चौथ्या चित्रपटापर्यंत पोचल्यावर यादी आणि पुरस्कार मोजायची गरज उरणार नाही.